पडद्यावरचे छत आणि पंडरीचे छत

रात्री नवाच्या सुमारास रायपूरच्या पंडरी कापड बाजारातली शटरे एकामागून एक खाली येऊ लागतात. तिथल्याच एका ठोक दुकानात हिशेब लिहिणारे एक मराठी गृहस्थ त्या दिवशी जरा लवकरच घरी परतले. नववीतला मुलगा संगणकापुढे बसला होता. त्याच्या मागे खुर्चीवर आजी होत्या. निवडायला घेतलेली मेथी त्यांच्या हातात तशीच राहिली होती.

"आजी, बघ, आता मोठी उडी आहे."

"तू मार बाबा उडी. माझं डोकं गरगरायला लागलं," असे म्हणून आजींनी डोळे मिटून घेतले.

एरवी हे पाहून वडील हसले असते. पण सकाळीच शेजारच्या काकूंनी त्यांना जिन्यात थांबवून सांगितले होते, "भाऊ, तुमचा मुलगा काल तुमच्या छताच्या कठड्यावर उभा राहून आमच्या छताकडे बघत होता. पतंग नव्हता, काही नव्हतं. नुसता बघत होता." (रायपूरच्या मराठी घरांतून गच्चीला सर्रास छतच म्हणतात. तीन-चार पिढ्या हिंदी आणि छत्तीसगढीच्या शेजारात काढल्यावर तेवढी देवाणघेवाण व्हायचीच.)

आता काय करावे? संगणकाची तार काढून कपाटात ठेवणे सर्वांत सोपे. बऱ्याच घरांत तेच होते आणि दोन दिवसांनी मुलगा तोच खेळ मित्राच्या घरी खेळू लागतो. छत मात्र जिथल्या तिथे असते. तेव्हा हा खेळ नेमका आहे तरी काय आणि त्याने मुलाला काय शिकवले, हे आधी पाहिलेले बरे.

या खेळाच्या मुळाशी 'पार्कूर' नावाची विद्या आहे. वाटेत भिंत, कठडा, जिना, खड्डा काहीही येवो, केवळ स्वतःच्या शरीराच्या बळावर ते ओलांडून शक्य तितक्या लवकर आणि धडधाकट पलीकडे पोचायचे, एवढाच तिचा अर्थ. तिचा जन्म फ्रान्समधला. जॉर्ज एबेर या फ्रेंच नौदल अधिकाऱ्याने विसाव्या शतकाच्या प्रारंभी धावणे, चढणे, उड्या मारणे, तोल सांभाळणे यांवर आधारलेली व्यायामपद्धती तयार केली आणि तिच्यातूनच सैनिकांच्या अडथळ्यांच्या मार्गांची प्रथा आली. पॅरिसच्या अग्निशामक दलात असलेल्या रेमों बेल यांनी ती परंपरा आपल्या मुलाला, दाविदला दिली. दाविद बेल आणि त्याच्या सवंगड्यांनी पॅरिसजवळच्या लिस या गावात भिंती आणि जिन्यांवर सराव करून तिला आजचे रूप दिले. २००४ साली आलेल्या 'बाँल्यू १३' या फ्रेंच चित्रपटात दाविद बेल छतांवरून धावताना दिसला आणि जगभरच्या मुलांनी तोंडात बोटे घातली.

चार वर्षांनी, २००८ साली, स्टॉकहोमच्या 'डाइस' या कंपनीने 'मिरर्स एज' हा खेळ आणला. सरकारची प्रत्येक निरोपावर नजर असलेले एक शहर आहे. म्हणून गुप्त निरोप छतांवरून धावत पोचवणारे हरकारे आहेत. त्यांतली एक फेथ नावाची तरुणी. खेळणारा तिच्या डोळ्यांतून पाहतो. पडद्यावर ती दिसत नाही. दिसतात ते फक्त तिचे पुढे-मागे होणारे हात, आणि खाली पाहिले तर तिचे बूट.

इथेच आजींच्या गरगरण्याचे कारण आहे. डोळे सांगतात, आपण धावतो आहोत. कानाच्या आत तोल सांभाळणारी जी इंद्रिये असतात ती सांगतात, आपण खुर्चीवर बसलो आहोत. या दोन साक्षी जुळल्या नाहीत की मळमळते, घेरी येते. खेळ करणाऱ्यांनाही ही अडचण ठाऊक होती. म्हणून त्यांनी पडद्याच्या मधोमध एक बारीक ठिपका ठेवला. गिरकी घेणारी नर्तकी जशी एका जागी नजर रोखते, तशी त्या ठिपक्यावर नजर ठरवायची. ज्यांना त्रास होतो त्यांनी खोलीत दिवा चालू ठेवावा, पडद्यापासून लांब बसावे आणि मधूनमधून उठावे. तरीही त्रास होत असेल तर असा खेळ त्यांच्यासाठी नाही, एवढेच.

पण या खेळाची खरी करामत धावण्यात आहे. बटणे फार नाहीत. वर जायच्या साऱ्या हालचालींना एक बटण: उडी, भिंतीवर चढणे, भिंतीला समांतर धावणे, सारे त्यातच. खाली जायच्या हालचालींना दुसरे: वाकणे, घसरणे, आणि जमिनीला पाय लागण्याच्या नेमक्या क्षणी दाबले तर खांद्यावरून कोलांटी. ही कोलांटी साधली तर वेग टिकतो, चुकली तर फेथ धडपडते आणि पुन्हा शून्यातून वेग घ्यावा लागतो. सगळी मजा न थांबण्यात आहे. शहर पांढरेशुभ्र, आणि जिथून उडी घ्यायची तो नळ, ती फळी, ते दार तांबडे. जवळ गेले की तांबडा रंग चढतो आणि वाट दिसते.

ही वाट अरुंद आहे. खेळणाऱ्याला वाटते आपण छतांवर मोकळे सुटलो आहोत. प्रत्यक्षात त्याला एका लांबलचक बोळातून नेले जात असते, फक्त त्या बोळाच्या भिंती दिसत नाहीत. कोणत्या कोपऱ्यावर खेळणारा किती वेगाने आणि कोणत्या दिशेने येणार, हे रचणाऱ्याला आधीच ठाऊक असते. म्हणून समोरचे छत किती दूर आणि किती खाली ठेवायचे हे त्याने मोजून ठरवलेले असते. उडी जेमतेम साधते आणि काळजात धस्स होते, ते त्या मोजमापामुळे. याच खेळात वेळ लावून धावण्याच्या शर्यती आहेत. त्यांत आपल्याच मागच्या धावेची सावली आपल्यापुढे पळते आणि तिला हरवायचे असते. एकच वाट मुले तीस-चाळीस वेळा धावतात, आणि दर वेळी कुठेतरी अर्धा सेकंद वाचवतात. रियाज म्हणतात तो याहून फार वेगळा नसतो.

२०१६ साली याच कंपनीने 'मिरर्स एज कॅटॅलिस्ट' काढला. आता बोळ नको, सगळे शहरच मोकळे, कुठूनही कुठेही जा! ऐकायला किती छान. पण खेळ हाती आल्यावर अनेक जुने खेळाडू हिरमुसले, आणि त्यांची तक्रार अगदीच पोरकट नव्हती. शहर मोकळे केले की खेळणारा कुठल्याही छतावर कुठल्याही बाजूने येऊ शकतो. मग मोजून ठेवलेली ती एक उडी कुठे राहणार? कोणत्याही बाजूने आले तरी साधेल अशी सैल रचना करावी लागते. धार बोथट होते. एवढ्या मोठ्या शहरात माणूस वाट चुकणार, म्हणून त्याच्यापुढे एक तांबडी रेघ धावत राहते आणि तो तिच्या मागे जातो. त्यात भर म्हणजे पहिल्या खेळात सुरुवातीपासून येणाऱ्या हालचाली, अगदी ती कोलांटीसुद्धा, इथे गुण मिळवून सोडवून घ्याव्या लागतात. चालता येणाऱ्या माणसाला चालण्याचा परवाना काढायला लावावा, तसे हे झाले.

त्या रेघेविषयी थोडे अधिक बोलले पाहिजे. पंडरीत वाढलेल्या माणसाला कापड बाजारातून कोणत्या बोळाने निघाले की छत्तीसगड हाटाकडे लवकर पोचतो, कुठे हातगाड्यांनी रस्ता अडलेला असतो, पावसात कुठे पाणी तुंबते, हे कोणी शिकवलेले नसते. बसस्थानक २०२१ साली भाठागावला गेले, तरी पत्ता सांगताना लोक 'जुना बसस्टँड' म्हणतातच, कारण ती खूण पायांत बसलेली आहे. मोकळ्या शहराच्या खेळात खरी गोडी हीच असायला हवी: दहा वेळा चुकून अकराव्या वेळी आपली वाट सापडणे. रेघेमागे धावणारा मुलगा शंभर वेळा त्याच छतावरून जाईल आणि रेघ पुसली तर त्याला ते छत ओळखू येणार नाही. बरे, ही रेघ बंद करण्याची सोय खेळात आहे. पुष्कळ मुलांना ती माहीत असते. बंद करावीशी मात्र वाटत नाही.

मोकळे शहर आणि धावणे यांचा मेळ बसतच नाही, असे मात्र नाही. पोलंडमधील 'टेकलँड' या कंपनीने २०१५ साली 'डाइंग लाइट' हा खेळ आणला. त्यातली वस्ती दाटीवाटीची, पत्र्यांची आणि फळ्यांची आहे. बहुतेक प्रत्येक कड धरता येते, म्हणून वाट खेळणाऱ्यालाच शोधावी लागते. जितके धावाल-चढाल तितकी चपळाई वाढते. रस्त्यावर संकट आहे, म्हणून वर चढायला कारणही आहे. या खेळाचा दुसरा भाग २०२२ साली आला. त्यात दाविद बेलने हाकोन नावाच्या पात्राचे काम केले आहे. रचनेच्या दृष्टीने हा खेळ सरस. पण पालकांनी हे वाचून तो मुलांच्या हाती देऊ नये. त्यात रक्तपात भरपूर आहे आणि तो अठरा वर्षांवरील माणसांसाठीच आहे. 'मिरर्स एज'ला अमेरिकेत तेरा आणि युरोपात सोळा वर्षे ही वयाची मर्यादा दिलेली आहे. डबीवरचा हा आकडा पाहण्याची सवय आपल्याकडे अजून म्हणावी तशी लागलेली नाही.

आपल्या पुण्यातही या जातीचे काम झाले आहे. 'नॉडिंग हेड्स गेम्स' या पुण्याच्या छोट्या चमूने २०२० साली 'राजी' हा खेळ काढला. सर्कशीतल्या कसरती करणारी मुलगी आपल्या हरवलेल्या भावाला शोधायला निघते, भिंतींवरून धावते, खांबांवर चढते. २०१७ साली लोकांकडून पैसे उभारण्याचा त्यांचा प्रयत्न फसला होता, तरी खेळ पुरा झाला आणि त्याच वर्षीच्या 'द गेम अवॉर्ड्स'मध्ये पहिल्या कलाकृतीसाठीच्या नामांकनांत त्याचे नाव आले. त्यात मुलगी दुरून दिसते, पुढची कड किती लांब आहे तेही दिसते. आजींना तो बघवला असता.

आता कठड्यावर उभ्या राहिलेल्या मुलाकडे येऊ.

या सर्व खेळांत एक गोष्ट खेळणाऱ्याच्या लक्षात येत नाही, कारण ती लक्षात येऊ नये अशीच केलेली असते. उडी थोडी कमी पडली तरी खेळ फेथचा हात कडेपर्यंत ओढून नेतो. बटण जरा लवकर किंवा उशिरा दाबले तरी सांभाळून घेतो. असे केले नाही तर दर दोन मिनिटांनी माणूस पडेल आणि खेळ फेकून देईल. शहर जितके मोकळे, तितकी ही छुपी मदत जास्त लागते. शंभर उड्या साधलेल्या मुलाला वाटते, आपला अंदाज पक्का झाला. त्यातल्या किती उड्या त्याच्या आणि किती खेळाने पदरात घातलेल्या, हे त्याला कोणी सांगत नाही.

आणि ती छते! खेळातल्या छतावर उडीच्या जागी फळी तिरपी टेकवलेली असते, पुढे धावायला मोकळी जागा असते, पलीकडे उतरायला सपाटी असते. कोणीतरी उडी मारणाऱ्याचा विचार करून ते छत बांधलेले आहे. आपल्याकडच्या छतावर पाण्याची टाकी आहे, नळ आहेत, वाळत घातलेले कपडे आहेत, केबलच्या तारा आहेत, पावसाळ्यात शेवाळ आहे. मुख्य म्हणजे कमरेएवढा कठडा आहे. पोरे पडू नयेत म्हणून तो बांधला. धावत आले तर वेग त्याच्यापाशीच संपतो. त्यावर चढून उडी मारायची म्हटली तर ती उभ्या जागेवरून मारावी लागते.

थोडा हिशेब करून पाहण्यासारखा आहे. सपाट जमिनीवर चांगला धावत आलेला मुलगा उडी मारून साधारण अर्धा सेकंद हवेत राहतो. ताशी १८ किलोमीटरचा वेग असेल तर तेवढ्यात तो अडीच मीटर पुढे जातो. वेगच नसेल तर ही अडीच मीटरची गोष्ट संपली. आणि पडला तर? एका मजल्याच्या, म्हणजे तीन मीटरच्या उंचीवरून पडणारा माणूस जमिनीला लागतो तेव्हा त्याचा वेग ताशी सुमारे २८ किलोमीटर असतो. दोन मजल्यांवरून ३९. सरळ पायांवर आपटले तर तो सगळा वेग चार-पाच सेंटीमीटरच्या आत थांबतो आणि गुडघे, घोटे, कणा यांना तो धक्का सोसावा लागतो. गुडघे वाकवून, खांद्यावरून लोळण घेऊन तोच वेग जास्त अंतरात मुरवला तर धक्का कितीतरी कमी होतो. कोलांटीचे रहस्य एवढेच आहे. खेळात ती एका बटणावर येते. पार्कूर शिकणारे तिच्यासाठी आधी गवतावर, मग गुडघाभर उंचीवर, असे महिनेन्‌महिने घालवतात. छतांवरच्या उड्यांची चित्रफीत तेवढी लोकांपर्यंत पोचते, गवतावरची कोणी दाखवत नाही.

शरीराची ही भूक मात्र खरी आहे, तिला नावे ठेवू नयेत. छत्तीसगडात ती भागवायच्या वाटाही आहेत. ज्या अमावास्येला महाराष्ट्रात दिव्यांची पूजा होते, त्याच दिवशी इकडे हरेलीचा सण असतो आणि पोरे बांबूच्या गेडीवर चढून गावभर फिरतात. गेडीवर तोल सांभाळणे ज्याने केले आहे त्याला विचारा, किती आपटी खाल्ली ते! २०२२ साली सुरू झालेल्या छत्तीसगढिया ऑलिंपिकमध्ये गेडीची शर्यत होती. आणि बाळंभट दादा देवधरांनी पेशवाईच्या अखेरीस पुन्हा उभा केलेला मल्लखांब? तो आज बस्तरात रुजला आहे. नारायणपूरच्या अबूझमाड मल्लखांब अकादमीच्या मुलांनी २०२३ साली 'इंडियाज गॉट टॅलेंट'चे विजेतेपद मिळवले. ज्या खांबावर मराठी मुलांनी हातपाय घट्ट केले, त्यावर आज अबूझमाडची मुले आपल्याला थक्क करतात. ही गोष्ट रायपूरच्या मराठी घरांत अधिक कौतुकाने सांगायला हवी. त्या मुलांच्या बोटांना कड सुटली तर ती सुटतेच. ओढून धरणारे कोणी नसते, म्हणून खाली गादी असते आणि शेजारी गुरू असतो.

त्या रात्री वडिलांनी तार काढली नाही. ते मुलाशेजारी बसले.

"ती लाल रेघ कशाला आहे?"

"रस्ता दाखवते, बाबा."

"बंद होते का?"

"होते. पण मग शोधत बसावं लागतं."

"शोध की. मी बसतो."

अर्धा तास मुलगा चुकत राहिला. दोनदा तोच पूल आला, एकदा बंद भिंत. आजी स्वयंपाकघरातून "जेवायचं आहे की नाही?" म्हणून दोनदा ओरडल्या. शेवटी वाट सापडली तेव्हा तो खुर्चीतून उठून उभाच राहिला.

दुसऱ्या दिवशी वडिलांनी दुकानातून येताना कापड मोजायचा लोखंडी मीटर आणि खडू आणला. संध्याकाळी दोघे छतावर गेले. कठड्याच्या आतूनच, वाळत घालायच्या दोरीला दगड बांधून ती पलीकडे टाकली, ओढली, दोरीवर गाठ मारली आणि मग ती दोरी फरशीवर मोजली. दोन मीटर चाळीस. कठडा नव्वद सेंटीमीटर.

"एवढंच? एवढी तर मी आरामात मारतो," मुलगा म्हणाला.

"चल तर."

खाली गल्लीत खडूने दोन रेघा ओढल्या, मध्ये दोन मीटर चाळीस. कठड्यावर धावायला जागा नसते, तेव्हा उडी उभ्या जागेवरूनच, एवढी एकच अट वडिलांनी घातली. मुलाने हात मागे-पुढे झुलवले आणि उडी मारली. टाचा पडल्या तिथे वडिलांनी खूण केली आणि मीटर लावला. एक मीटर ऐंशी.

त्याने पुन्हा मारली. एक ब्याऐंशी. बूट काढून मारली. एक ऐंशीच. शेजारच्या काकू वरून कठड्यावर हात टेकून पाहत होत्या. सातव्या उडीनंतर तो रस्त्यावरच बसला, दुसऱ्या रेघेकडे पाहत राहिला, मग मान वर करून त्याने दोन्ही छतांच्या मधली ती फट पाहिली.

"बाबा," तो म्हणाला, "मल्लखांबाचा क्लास कुठे आहे म्हणालात?"